ज्याचं तोंड, त्याची कैची

ये, जरा जवळ सरक. कागदावरून बोलून राहिली म्हणून काय तू दूर बसशील? आणि ते कानातलं आधी काढ. मागच्या दिवाळीत आली होतीस, दोन दिवस राहिलीस, आणि आजीशी किती बोललीस ते तुझं तुलाच ठाऊक. मी काही मोजलं नाही. आणि आता परवा एकदम फोन. "आजी, वो तुम्हारे गल्ली के लिल्हारे अंकल, पिक्चरवाले, ते वारले ना? आमच्या कॉलेजात त्यांच्या फिल्म दाखवणार आहेत. उनका थोडा बायोडाटा भेज दो ना." माणूस जाऊन महिना झाला नाही, आणि तू त्याचा बायोडाटा मागतेस, जशी काही त्यांना कुठे नोकरी लावून द्यायची आहे.

वरून विचारलंस, की 'दिवसाची झोप' या त्यांच्या पिक्चरमध्ये मधोमध चार मिनिटं नुसता काळा पडदा येतो, तो काय प्रकार आहे. तुमचे सर म्हणतात, तो फार मोठा प्रयोग आहे. रात्रपाळीचा अंधार त्यांनी उचलून दिवसाच्या पोटात ठेवला. मी तेव्हा हसली, तुला वाटलं आजीला खोकला आला. मिनू, ती चार मिनिटं कुठं आहेत ते मला ठाऊक आहे. माझ्या बटनांच्या डब्यात आहेत. पण ते फोनवर सांगण्यासारखं नाही, आणि आधी माणूस कळल्याशिवाय तर नाहीच नाही. म्हणून बस.

लिल्हारे भाऊजी आमच्या ओळीतच राहत, चार क्वार्टर सोडून. उंच, वाळलेले, उजवा खांदा डाव्यापेक्षा खाली. त्या खांद्यावर कॅमेऱ्याची तिपाई वाहून वाहून तो तसा झाला होता. गळ्यात बारा महिने लाल चौकड्यांचा गमछा. त्याच गमछ्याने घाम पुसायचा, त्यानेच काच पुसायची, कॅमेरा जमिनीवर ठेवायचा असला की त्याचीच चुंबळ करायची. लग्नाकार्यातसुद्धा इस्त्रीच्या शर्टावर गमछा. त्यांची बायको म्हणायची, "यायच्या अंगावरून गमछा काढला तं हे कोनालेच ओळखू नाई येनार."

इथल्या पोलादाच्या प्लांटमध्ये ते फोटो काढायच्या खात्यात होते. पाहुणे आले, गुच्छ दिले, फोटो काढला. झाडं लावली, फोटो काढला. मधून मधून हेल्मेट घाला, बूट घाला अशा सुरक्षेच्या फिल्म काढायच्या. तिथं ते कॅमेरा शिकले. पुण्या-मुंबईच्या पिक्चरच्या शाळेत गेले नाहीत. इंग्रजी पुस्तकं वाचायचे पण बोटं ठेवून ठेवून, आपण तांदूळ निवडतो तसे.

खरी शाळा त्यांची दुसरीच होती. वडील रेल्वेत होते, गोंदियाच्या अलीकडं एका फाटकावर. भाऊजी लहानपणी त्या फाटकाच्या खोलीतच बसून असत. गाडी यायची असली की फाटक बंद, दोन्हीकडं माणसं थांबलेली. ते म्हणायचे, "वहिनी, फाटक बंद झालं का पह्यले दोन मिनिटं मानूस दुसऱ्यासाठी उभा राह्यते. मिशीवर हात फिरवते, घड्याळ पाह्यते. मग कंटाळते. कंटाळला का त्याचा चेहरा त्याच्या घरी वापस येते." बस, त्यांची सगळी कला म्हणशील तर एवढीच. माणसाला आधी कंटाळू द्यायचं.

ते कसं करायचे ऐक. कुणाची फिल्म काढायची असली की पहिले तीन दिवस ते कॅमेरा लावून बसत, डोळा लावत, बटन दाबत, आणि आत टेपच नसे. रिकामा डबा. सुपेल्याच्या चौकाजवळ बिसाहू नावाचा एक सायकलचे पंक्चर काढणारा होता. त्याच्यावर फिल्म काढायला गेले, तर तो पहिल्या दिवशी लग्नातली सफारी घालून आला. त्या सफारीत वंगण लागू नये म्हणून हात लांब धरून पंक्चर काढू लागला. दुसऱ्या दिवशी तीच सफारी, केसाला तेल. तिसऱ्या दिवशी त्याला घाम सुटला, बायको ओरडली, आणि चौथ्या दिवशी बनियानवर येऊन बसला. त्या दिवशी भाऊजींनी टेप घातली.

हे त्याला पुढं कुणीतरी सांगितलं. तो थेट आमच्या ओळीत आला, सायकल टेकवली आणि बाहेरूनच बोलला, "कस महाराज, तीन दिन ले मैं सफारी पहिर के मरत रहेंव, अउ तोर डब्बा खाली रहिस?"

भाऊजी म्हणाले, "डब्बा खाली रहिस, मैं नइ रहेंव. मैं तो देखत रहेंव."

बिसाहूने मान हलवली. मग म्हणाला, "त सफारी के धुलई ला कोन दिही?" आणि दोघंही हसले. लिल्हारे वहिनीने त्याला चहा दिला. पुढं त्यांच्या स्कूटरचं पंक्चर तो आधी काढायचा, बाकीचे रांगेत उभे असले तरी.

तुमचे सर म्हणतात न, कॅमेरा अजिबात हलवायचा नाही ही त्यांची शैली. रायपूरहून दोन पोरं एकदा मुलाखत घ्यायला आली होती, त्यांनीही तेच विचारलं. भाऊजी म्हणाले, "शैली-बिली नाही बाबा. माझ्या तिपाईचा एक पाय मोडका होता, हलवली की पडायची." पोरांनी ते लिहून घेतलं. मी तिथंच मटर सोलून राहिली होती. मला माहीत होतं की तो पाय त्यांनी सुपेल्यात कवाच वेल्डिंग करून आणला होता. पोरं गेल्यावर मी म्हटलं, "भाऊजी, खोटं कावून बोलले?" तर म्हणाले, "खरं सांगितलं असतं तं त्यायनं जास्त लिहून घेतलं असतं."

असा माणूस. रुक्ष म्हण, तिरका म्हण. गोड बोलणारे नव्हते. कुणाच्या पोराला उचलून पप्पी घेतली, असं मी कधी पाहिलं नाही. 

एकदा खात्यातून हुकूम आला, एका फिटरचा निरोप समारंभ आहे, शूटिंग करा. भाऊजींनी केली. पण त्या कॅसेटमध्ये साहेबांचं भाषण नाही, शाल नाही, नारळ नाही. पाऊण तास नुसता तो फिटर एकेक वस्तू परत देतो आहे. हेल्मेट दिलं, पाने दिले, कपाटाची किल्ली दिली. प्रत्येक वेळी समोरचा बाबू सही घेतो. शेवटी सगळं देऊन झाल्यावर तो माणूस खिसे चाचपून पाहतो, अजून काही द्यायचं राहिलं का म्हणून. बस, तिथं संपलं. साहेब भडकले. भाऊजींना मेमो मिळाला. पण तो फिटर ती कॅसेट मागून घेऊन गेला आणि, त्याची सून सांगत होती, दर रविवारी लावून बसायचा. भाषणवाली कॅसेट कुणी लावून बसलं असतं का?

आणि कुम्हारीची गंमत. तिथल्या बस थांब्यावर एक अख्खा दिवस कॅमेरा ठेवून त्यांनी सव्वा तासाची पिक्चर काढली. रायपूरला कामाला जाणारे लोक येतात, थांबतात, बस येते, जातात. दुसरं काही नाही. ती पिक्चर त्यांनी कुम्हारीलाच एका गोदामाच्या भिंतीवर लावली, कारण त्यांचा नियमच होता, ज्यांची पिक्चर त्यांना आधी. गर्दी झाली. "वो मेरी साइकिल है", "अरे वो तो अपना टिफिन भूल गया", असं चालू. पिक्चर संपली, उजेड केला, तर पुढं बसलेला एक म्हातारा म्हणतो, "पिक्चर कब सुरू होही बेटा?"

भाऊजी म्हणाले, "खतम होगे बबा."

म्हातारा म्हणाला, "बने करे. जल्दी निपटगे." म्हणजे बरं केलंस, लवकर आटोपलं.

हा किस्सा ते स्वतः सांगायचे, आणि म्हणायचे, माझ्या कामाचं एवढं चांगलं परीक्षण पेपरात कधी आलं नाही. त्यांच्या घरी मात्र कौतुक कमी. लिल्हारे वहिनी म्हणायच्या, "यायच्या पिक्चरमध्ये भात शिजाले तेवढाच वेळ लागते जेवढा माह्या घरी लागते. मंग तिकडं कायले पाह्यता, माह्या घरी या न, निदान जेवाले तं भेटन." दिल्लीला कुठंतरी त्यांना काचेचं बक्षीस मिळालं होतं, ते वहिनीने लोणच्याच्या बरणीवर वजन म्हणून ठेवलं. भाऊजींनी ते पाहिलं. म्हणाले, कामाला तरी आलं.

आता नियमाचं सांगते, कारण सगळं त्याच्यावरच आहे. पिक्चर तयार झाली की जे जे तिच्यात दिसतात त्यांना ते आधी दाखवायचे, आणि म्हणायचे, "ज्याचं तोंड, त्याची कैची." म्हणजे तुमचा कुठला तुकडा तुम्हाला नको असला तर सांगा, मी कापतो. का, कशाला, असं विचारणार नाही. आणि कापलेला तुकडा तुमच्या हातात देतो, माझ्याजवळ ठेवत नाही. पुष्कळांनी कापायला लावलं. एका बाईने आपली फाटकी उशी दिसते म्हणून कापायला लावलं. भाऊजींनी कापलं.

राज्य नवीन नवीन झालं होतं तेव्हाची गोष्ट. गाड्यांच्या पाट्यांवरचं एमपी पुसून सीजी लिहिणं चालू होतं. भाऊजींच्या डोक्यात आलं की दिवसा झोपणाऱ्या माणसांची पिक्चर काढायची. तू नाही पाहिलं ते, तुझ्या बाबाला विचार. नवरा रात्रपाळी करून सकाळी आला की घर दुपारपर्यंत चोरासारखं चालायचं. कुकरची शिट्टी व्हायच्या आधीच चिमट्याने उचलून धरायची. नळाच्या तोंडाला चिंधी बांधायची, थेंबाचा आवाज येऊ नये म्हणून. लहान पोरींच्या पायातली पैंजणं काढून डब्यात. आणि घराच्या फाटकाला गमछा बांधायचा. आमच्या ओळीत ही रीतच होती. ज्याच्या फाटकाला गमछा, त्याच्या घरी रात्रपाळीचा माणूस झोपला आहे. भाजीवाला, कबाडीवाला, कुल्फीवाला, कुणी का असेना, गमछा दिसला की तोंड बंद करून सायकल हातात धरून पुढं जायचा आणि तीन घरं सोडून पुन्हा ओरडायचा. कुणी कायदा केला नव्हता. तसंच चालायचं.

भाऊजींनी अकरा घरं घेतली. त्यात आमचं एक. तुझे आजोबा क्रेन चालवायचे. त्यांनी सरळ सांगितलं, "माहा फोटो काढाचा तं काढा, पन मले उठवू नका." तेव्हा रिकाम्या कॅमेऱ्याचे तीन दिवस आमच्याही घरी झाले. पहिल्या दिवशी मी नवी साडी नेसून चिमटा घेऊन गॅससमोर उभी. चौथ्या दिवशी विसरली.

अकराही घरं घेऊन झाली, पिक्चर जोडून झाली, तेव्हा दिल्लीहून एक बाई आल्या. बाहेरच्या देशांत पिक्चर पाठवणाऱ्या होत्या. त्यांना त्याच रात्रीच्या गाडीने परत जायचं होतं. भाऊजींनी संध्याकाळी सात वाजता आमच्या ओळीच्या मागच्या मोकळ्या जागेत चादर बांधली. अकरा माणसांच्या पाळ्या त्यांनी घरच्या भिंतीवर पेन्सिलीने लिहून ठेवल्या होत्या, कोण कधी घरी ते कळावं म्हणून. घाईत त्यांनी मागच्या आठवड्याची ओळ वाचली. तुझ्या आजोबांची पाळी बदलून दुपारची झाली होती. ते दोन वाजताच प्लांटला गेले होते, दहाच्या आत यायचे नव्हते.

"सगळे आले न?" भाऊजींनी विचारलं.

"आले आले, लावा लवकर," मागून कुणीतरी म्हणालं.

मी बायकांत बसली होती. मला ठाऊक होतं आमचे हे नाहीत. मी बोलली नाही. खरं सांगू? मला पाहायचं होतं. हे आले असते तर मला बाजूला बसवून स्वतः उठून गेले असते, आणि मग मीही उठली असती.

पिक्चर लागली. मी तुला काय सांगू, आपल्याच गल्लीचं असं काही असतं हे ठाऊक नव्हतं. कुणी बोलत नाही, कुणी हसत नाही, बायका हळूहळू चालतात, एक पोरगी पाटीवर ओल्या बोटाने लिहिते, म्हणजे पेन्सिल कर्रर्र करणार नाही. आणि मधोमध आमचं घर आलं. तुझे आजोबा झोपले आहेत. तोंड उघडं, एक पाय चादरीबाहेर. मग झोपेतच त्यांचा हात हलायला लागला, क्रेनचा दांडा ओढतात तसा. आणि बोलायला लागले, "आस्ते... आस्ते... सुमन, बाजूला हो. बाजूला हो, सुमन. ठेवून राहिलो."

सगळी ओळ वळून माझ्याकडं पाहायला लागली.

तुला नवल वाटेल. पण त्यांनी मला उभ्या जन्मात नावाने हाक मारली नव्हती. "ऐकतेस का", नाहीतर तुझ्या बाबाच्या नावाने "प्रदीपची माय", बस. तेव्हा तीच रीत होती, मीही त्यांना नावाने कुठं बोलावलं? माझं नाव त्यांना येतं की नाही, हेच मला कधी कधी वाटायचं. आणि ते रोज दुपारी, झोपेत, तीस-चाळीस फुटांवरून, मला सामानाखालून बाजूला करत होते. मी पदर तोंडावर घेतला. लोकांना वाटलं, लाजली.

दुसऱ्या दिवशी प्लांटमध्ये गोष्ट यांच्या आधी पोचलेली. "काय भाऊ, क्रेनखाली बायकोले उभी करतोस का? कौनसी सुमन है ये?" हे रात्री पाळी सुटल्यावर घरी आलेच नाहीत, सरळ लिल्हारेंच्या दारात. मी मागून गेली.

"लिल्हारे, तुमी काय बोलले होते?" 

"ज्याचं तोंड, त्याची कैची."

"तं चालवा कैची."

भाऊजी उठून उभे राहिले. "गलती माही आहे, भाऊ. मी पाळी चुकीची वाचली. सगळ्यायच्या आधी तुमाले दाखवाले पाह्यजे होतं."

"मी गलतीचं नाई विचारून राहिलो. कैचीचं विचारून राहिलो."

आतून लिल्हारे वहिनी आल्या. त्या इतक्या दिवसांत पहिल्यांदा नवऱ्याच्या पिक्चरच्या बाजूने बोलल्या. "अजी, काल त्या दिल्लीच्या बाई काय बोलल्या? तोच तुकडा तं पिक्चरचा जीव आहे म्हने."

भाऊजी म्हणाले, "पिक्चर माही आहे. जीव त्यायचा आहे." आणि यांच्याकडं पाहून, "उद्या देतो."

दुसऱ्या दिवशी सकाळी ते आले, गमछ्याच्या टोकात एक छोटी कॅसेट, आगपेटीपेक्षा जराशी मोठी. म्हणाले, "ही मूळची टेप. कॉम्प्युटरमधलं पुसलं. दुसरी कापी नाई." यांनी ती घेतली आणि माझ्याकडं फेकली, "चुलीत टाक." आमच्याकडं चूल कुठं होती, गॅस होता. मी बटनांच्या डब्यात टाकली.

मी दारापर्यंत गेली तेव्हा हळूच विचारलं, की कापून उरलेलं नुसतं जोडून घ्याल का. ते म्हणाले, "जोडलं तं कोनाले समजनार नाई का इथं कोनी होतं. मानूस उठून गेला तरी खुर्ची तं राह्यते न, वहिनी. तेवढी जागा ठेवतो, काळी." तोच तुमच्या सरांचा प्रयोग. 

दिल्लीच्या बाईंचं पत्र आलं, ती चार मिनिटं लावून पाठवा, तर बाहेर नेते. भाऊजींनी काळ्या पडद्यासकट पाठवली. ती परत आली. त्यानंतर त्यांनी अजून दोन-तीन पिक्चर काढल्या, उतईची धानाची रोवणी वगैरे, पण तसं बोलावणं पुन्हा आलं नाही.

पण तुझ्या आजोबांना विश्वास नव्हता. वर्षानुवर्षं म्हणायचे, "कापी असन त्याच्यापाशी. पिक्चरवाला मानूस, जीव सोडते का कोनी?" रस्त्यात भाऊजींची स्कूटर दिसली की हे सायकलची चेन पाहायला वाकायचे. भाऊजी स्कूटर हळू करायचे, थांबायचे नाहीत. रिटायर झाले तरी तेच. मी मधे पडली नाही. मी पडली असती तर टेप कुठं आहे हे विचारलं असतं.

मग हे गेले. तू पाचवीत होतीस, तेरवीला आली होतीस. लिल्हारे भाऊजी आले होते, मागं बसले, जेवले, गेले. दोन-तीन महिन्यांनी एका सकाळी दहा-साडेदहाला स्कूटर थांबली. पायाशी एक पिशवी, पिशवीत तो जुना कॅमेरा आणि लाल-पिवळ्या वायरी. चष्म्याला दोरी. 

"वहिनी, टेप चुलीत गेली का आहे?"

"आहे."

"तेव्हाच वाटलं होतं मले. गॅसमध्ये टेप नाई जात."

आपला जुना डबा टीव्ही मी काढला नव्हता. त्यांनी वायरी लावल्या, गमछ्याने कॅमेऱ्याचं तोंड पुसलं, टेप आत ठेवली. इतक्या वर्षांत त्या कॅमेऱ्याच्या डब्यात टेप जाताना मी पहिल्यांदा पाहिली. बटनावर बोट ठेवून थांबले.

"मशीन जुनी आहे. कधी कधी टेप खाते. खाल्ली तं गेली. दुसरी नाई, तुमाले माहीत आहे." मग माझ्याकडं पाहून, "चालवू?"

तेव्हा मला कळलं, आणि हे असते तर त्यांनाही कळलं असतं. कापी असलेला माणूस असं थांबून विचारत नाही. मी म्हटलं, "चालवा."

त्यांनी बटन दाबलं, आणि टीव्हीकडं पाठ फिरवून बाहेर निघून गेले. मी म्हटलं, "बसा न भाऊजी." तर म्हणाले, "माही नाई ती. त्यायनं मागून घेतली न."

चित्र आलं. थोडं थरथरलं, मग थांबलं. ती आपली खाट, तो पाय, ते तोंड. अजून हात हलायचा होता. तेवढ्यात रस्त्यावर कबाडीवाला आला. आता ते ओरडत नाहीत, सायकलला भोंगा बांधतात, त्यात आवाज भरलेला असतो, "लोहा, टिना, पुराना कूलर..." मी उठणार होती, पण टीव्ही सोडवेना. खिडकीतून पाहिलं. 

लिल्हारे भाऊजी फाटकापाशी उभे होते. त्यांनी गळ्यातला गमछा काढला, फाटकाच्या दांड्याला बांधला, गाठ ओढून पाहिली, आणि बाजूला झाले. गमछ्याशिवाय त्यांची मान एवढीशी दिसत होती. कबाडीवाला पिकल्या केसांचा होता. त्याने गमछा पाहिला, भाऊजींना पाहिलं, आणि हात मागं नेऊन भोंगा बंद केला. सायकलवरून उतरला, हातात धरून, पाय न वाजवता पुढं गेला. किती वर्षांनी आमच्या फाटकाला गमछा लागला होता, आणि घरात, टीव्हीत का होईना, माणूस झोपलेला होता.

"आस्ते," हे म्हणाले. "सुमन, बाजूला हो."

टेप पूर्ण चालली. बाहेर गेली तेव्हा भाऊजी स्कूटर काढत होते. "चालली?" "चालली." कॅमेरा म्हणाले ठेवा, मला आता काय काढायचं. गमछा सोडायचा विसरले, नाहीतर राहू दिला असेल. पुढं ते पोरीकडं जबलपूरला गेले, आणि तिथूनच ती बातमी आली. मी त्यांना शेवटचं पाहिलं ते त्या वळणावर, सुपेल्याकडं जाताना, उघड्या गळ्याने.

तर मिनू, तुमच्या सरांना सांग, बायोडाटा त्यांच्या पोरीकडं आहे, तिला विचारा. काळा पडदा आहे तसा राहू द्या. ती खुर्ची आहे, तिथं एक माणूस होता. कॉलेजला टेप देणार नाही. ज्याचं तोंड तो राहिला नाही, पण कैची त्याने एकदा चालवली आहे. 

तुला मात्र दाखवीन. तू काही कॉलेज नाहीस. मशीनचा पट्टा ढिला झाला आहे, मागच्या वेळी मधेच थांबून पुन्हा चालली, म्हणून फार दिवस लावू नकोस. परीक्षा झाली की सकाळच्या गाडीने दुर्गला उतर, तिथून ऑटो कर. मी भात कुकरमध्ये लावीन, चिमटा तू धरशील. गमछा धुऊन ठेवला आहे. ये लवकर.